आंटींचे दोन गेम

आमच्या क्लबात शनिवारी दुपारी कोण कोणाशी खेळणार हे एका फळ्यावर ठरतं. आत शिरलं की आपल्या नावाची लाकडी पट्टी खोक्यातून काढायची आणि फळ्यावरच्या खिळ्याला अडकवायची. कोर्ट रिकामं झालं की ज्याची पट्टी सगळ्यात वर, तो खालच्यांतले तिघे निवडतो आणि चौघं डबल्स खेळायला जातात. इंग्रजांना हे फार न्यायाचं वाटतं. मला विचाराल तर शाळेत लंगडीच्या टीम पाडताना जे व्हायचं तेच इथे होतं, फक्त बिस्किटं जास्त चांगली असतात. जो नको असतो त्याला कोणी तोंडावर नको म्हणत नाही. त्याची पट्टी लटकत राहते आणि तो व्हरांड्यात बसून चहा पितो.

नवी होते तेव्हा मीही पुष्कळ चहा प्यायले. नागपूर सोडून लंडनच्या क्रॉयडनला येऊन मला बरीच वर्षं झाली. ऑफिसात सॉफ्टवेअर टेस्टिंग करते, म्हणजे दुसऱ्यांच्या चुका काढायचा पगार घेते, आणि घरी तेच फुकट करते असं माझी मुलगी म्हणते. ती शिकायला लीड्सला गेली आणि माझे शनिवार एकदम भकास झाले. कॉलेजात असताना मी विद्यापीठाकडून टेनिस खेळायचे. नवरा म्हणाला, जा ना मग, सोफ्यावर बसून माझं डोकं खाण्यापेक्षा बॉलला मार. म्हणून मी ट्रामच्या तीन स्टॉपवरच्या या क्लबात नाव घातलं.

तिथे आंटी भेटल्या.

खरं तर आधी त्यांचा फोटो भेटला. आत शिरल्याशिरल्या पॅसेजमध्ये लावलाय. पांढरे स्कर्ट घातलेल्या मुलींची रांग, सगळ्या गोऱ्या, आणि कडेला एकच काळी मुलगी. लाकडी रॅकेट छातीशी घट्ट धरलेली, ओठ मिटलेले, नजर थेट कॅमेऱ्यात. खाली पितळी पाटी आहे. काउंटीच्या महिला संघात खेळलेली पहिली कृष्णवर्णीय खेळाडू, असं तिच्यावर कोरलंय. त्या काळात याच क्लबाने तिला मेंबर करून घ्यायला तीनदा नकार दिला होता, हे काही कोरलेलं नाही.

आंटींचं घर क्लबाच्या मागच्या भिंतीला लागून आहे. आईवडील जमैकाहून आले, आई हॉस्पिटलात नर्स, वडील बस डेपोत, आणि या शाळकरी मुलीच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसायचं गवताचं कोर्ट. चेंडूचा आवाज ऐकत वाढल्या. कौन्सिलच्या पार्कात एका भिंतीवर बॉल मारून मारून शिकल्या. अर्ज केला की क्लब अगदी गोड शब्दांत सांगायचा, सध्या जागा नाही. म्हणून दोन बस बदलून दुसरीकडच्या क्लबात खेळायच्या आणि तिथून काउंटीपर्यंत पोचल्या. त्यांच्यानंतर बऱ्याच मुली आल्या. दार पहिल्यांदा ज्याने ढकललं त्याचा खांदा किती दुखला, हे नंतर येणाऱ्यांना थोडंच दिसतं.

दोनेक वर्षांपूर्वी क्लबाला एकदम साक्षात्कार झाला. कमिटीचे लोक फुलं घेऊन भिंतीपलीकडे गेले आणि त्यांना आजीव सन्माननीय सदस्य करून आले. आंटींनी फुलं घेतली आणि एकच प्रश्न विचारला म्हणे, "मग शनिवारी खेळायला यायचं ना?"

आणि त्या यायला लागल्या. शुभ्र पांढऱ्या कपड्यांत, रॅकेट घेऊन, डाव्या खुब्यावर कलत कलत. पट्टी अडकवायच्या. लगेच एकजण खुर्ची आणायचा, दुसरी उशी, तिसरी बशीसकट कप आणि लेमन केकचा तुकडा. कशा आहात, काय हवं, जुन्या दिवसांचं काहीतरी सांगा ना. त्यांची पट्टी मात्र कोणी काढायचं नाही. पंच्याहत्तरीची बाई, झिजलेला सांधा, वर भिंतीवर फोटो. पडली तर? प्रत्येकाला वाटायचं, मला नको ती भानगड. सगळे प्रेमानेच वागत होते हो, त्यात खोट काढायला जागा नव्हती. आंटी केक खायच्या, कोर्टाकडे बघायच्या आणि पाच वाजले की पट्टी उतरवून घरी जायच्या.

असे किती शनिवार गेले कोण जाणे. एकदा सकाळी पाऊस भुरभुरून गेला होता, लोक कमी होते आणि फळ्यावर दोनच पट्ट्या उरल्या, त्यांची आणि माझी. त्यांनी मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

"तुला खेळता येतं, की तूही माझा फोटो बघायला आलीस?"

माझं तोंड आधीच फटकळ. म्हटलं, "फोटो बघून झाला. विद्यापीठाकडून खेळलेय मी."

"मग ऊठ. सिंगल्स. गवतावर."

मी त्यांना नावापुढे मिसेस लावून काहीतरी म्हणाले, तर त्या चटकन वळल्या. "तुझ्या तोंडून ते कसंतरीच वाटतं. आंटी म्हण. आमच्यातही तेच म्हणतात." मला इतकं बरं वाटलं! या देशात ऐंशी वर्षांच्या म्हाताऱ्यालासुद्धा नुसत्या नावाने हाक मारायची म्हणजे माझ्या जिवावर येतं.

आम्ही कोर्टावर गेलो. व्हरांड्यातले सगळे उठून उभे राहिले, कोणीतरी मोबाईलही काढला. त्यांनी सर्व्ह केली आणि मी बघतच राहिले. शरीर कललेलं, पण हात वर गेला की काय तो डौल! बाप्पा! बॉल गवताला घासून घोट्याशी आला. तसा जोरात परतवता आला असता, पण मी अलगद, त्यांच्या हातात नेऊन दिल्यासारखा परत दिला. त्या दोन पावलंच टाकू शकत होत्या, तर मी दोन पावलांवरच बॉल टाकत होते. मध्येच एखादा नेटमध्ये घालायचा, एखादा बाहेर, आणि तोंडाने "अरेरे" करायचं. लोक टाळ्या वाजवत होते. मलाही आतून कसं छान वाटत होतं.

आमच्या घरी मोठ्यांना हरवायची पद्धतच नाही. शेवटच्या वर्षांत बाबांचा हात थरथरायचा. कॅरम खेळताना राणी पॉकेटच्या तोंडाशी असली की मी स्ट्रायकर तिरका मारायचे. बाबा राणी घ्यायचे आणि मी म्हणायचे, "काय बाबा, आज सोडतच नाही तुम्ही!" आई स्वयंपाकघरातून हसायची. हे कोणी शिकवावं लागत नाही. तसंच मी इथेही केलं, काही वेगळं करतेय असं मनातही आलं नाही.

चार-एक झाले. चार त्यांचे. बाजू बदलायला आम्ही नेटपाशी आलो, तर आंटींनी रॅकेट कव्हरमध्ये घातली आणि चेन ओढली.

"विद्यापीठाकडून खेळलीस म्हणालीस ना? तो मघाचा फोरहँड नेटमध्ये कसा गेला?"

"चुकला."

"खोटं बोलू नकोस माझ्याशी. मी तुझ्या जन्माआधीपासून फोरहँड बघतेय." आवाज अजिबात चढलेला नव्हता, म्हणूनच ते जास्त लागलं. "हे तुझं तुला राहू दे." आणि त्या गेल्या. व्हरांड्यातल्यांना वाटलं दमल्या. त्यांनी पुन्हा टाळ्या वाजवल्या.

मी घरी येऊन नवऱ्यावर तणतणले. एवढं मनापासून करावं आणि वर हे ऐकून घ्यावं! म्हातारपणी माणसं अशी खडूस का होतात? सोमवारी ट्राममध्ये, मंगळवारी मीटिंगमध्ये, सगळीकडे मी मनातल्या मनात त्यांना उत्तरं देत होते. शनिवारी ठरवून गेले की बोलायचंच नाही. त्या आल्याच नाहीत. त्याच्या पुढच्याही शनिवारी नाहीत. रिकामी खुर्ची आणि उशी. कोणीतरी म्हणालं, त्यांचं खुब्याचं ऑपरेशन ठरलंय, ऑक्टोबरच्या सुरुवातीला, त्यानंतर त्या मुलीकडे राहायला जाणार, ब्रिस्टलला. माझा राग कुठल्या कुठे गेला.

रविवारी सांबारवडी केली. आमच्या नागपूरकडे कोथिंबिरीला सांबार म्हणतात. तिचं मसालेदार सारण पारीत भरायचं आणि गुंडाळून तळायचं. डबा घेऊन भिंतीपलीकडे गेले. आंटींनी दार उघडलं, डबा बघितला, माझ्याकडे बघितलं, आणि बाजूला सरकल्या. वडीवर त्यांनी बाटलीतला तांबडा सॉस ओतला. मी वऱ्हाडी तिखट खाल्लेली बाई, पण त्या सॉसने माझ्या कानातून धूर निघाला. माझ्या डोळ्यांतलं पाणी बघून त्या पहिल्यांदा हसल्या.

खिडकीतून खरंच कोर्ट दिसत होतं. सिंकशेजारी एक चांदीचा कप होता, त्यात चमचे आणि टेकअवेबरोबर येणारी सॉसची पाकिटं भरलेली.

"तो घे हातात," त्या म्हणाल्या. "जड आहे ना? फायनलचा आहे. न खेळता मिळालेला."

मला आधी कळलंच नाही. मग त्यांनी सांगितलं. समुद्रकाठच्या एका गावात गवतावरची स्पर्धा होती. तेव्हा त्या एकोणीस-वीसच्या असतील. कोण कोणाशी खेळणार हे जाहीर झालं की काही मुली नाव काढून घ्यायच्या. कोणाला ताप, कोणाचं पोट दुखतंय. काळ्या मुलीशी खेळणार नाही असं कोणीही म्हणायचं नाही. नुसता वॉकओव्हर. पहिली फेरी तशीच मिळाली. मधल्या दोन खेळून जिंकल्या. फायनलच्या दिवशी सकाळी कमिटीचे एक गृहस्थ आले, म्हणाले, समोरच्या मुलीचा पाय मुरगळलाय, कप तुझा, अभिनंदन. आणि वर म्हणाले, बरं झालं की, आता तुला लवकरची ट्रेन मिळेल.

"आईने नाइट ड्यूटी बदलून घेतली होती. तिने मला कधी खेळताना बघितलंच नव्हतं, कामावर असायची ना. बसने आली. हॅट घालून, तळलेले मासे आणि ब्रेड बांधून घेऊन. दुपारी पोचली, तर कोर्टावर कोणीच नाही." आंटी सॉसची बाटली पुसत होत्या. "म्हणाली, मग तू नुसती सर्व्ह तरी कर, मी बघते. मी विचारायला गेले. कोर्टाला पाणी मारायचंय म्हणाले. मग आम्ही समुद्रावर बसून मासे खाल्ले. आणि ती मुलगी तिथून गेली. उंच टाचांचे बूट घालून."

"मुरगळलेल्या पायाने?"

"मुरगळलेल्या पायाने."

मला इतका संताप आला की त्या बाईचे दोन्ही पाय खरंच मुरगळावेत असं वाटलं. पण आंटी तिच्याबद्दल बोलतच नव्हत्या. "हरले असते तरी चाललं असतं गं," त्या म्हणाल्या. "चांगली होती ती माझ्यापेक्षा. बॅकहँड असा होता तिचा, मी रात्ररात्र त्याचा विचार केला होता. मला तो खेळायचा होता. आईसमोर खेळायचा होता. मला आयुष्यात फुकटचे इतके गेम मिळालेत की आणखी नकोत. आणि तू आलीस तर तूही तेच घेऊन आलीस."

बाबांची आठवण आली. राणी घेतल्यावर ते माझ्याकडे बघून हसायचे, ते हसू मला तिथे बसल्याबसल्या दिसलं आणि पहिल्यांदाच नीट कळेनासं झालं. त्यांनाही समजत होतं का? त्यांनाही वाटत असेल का, की पोरीने एकदा तरी मनापासून खेळावं? आता कोणाला विचारू?

सप्टेंबर संपला की गवताचं कोर्ट वर्षभरासाठी बंद होतं, आणि सर्जनने आंटींना स्पष्ट सांगितलं होतं की नंतर पोहा, बागकाम करा, सिंगल्स विसरा. म्हणजे एकच शनिवार हातात होता.

"येता?" मी विचारलं.

"मारशील?"

"आणि पडलात तर?"

"पडले तर मी पडेन ना? तू का आधीच रडतेस?"

त्या शनिवारी ऊन छान पडलं होतं. व्हरांड्यात नेहमीची मंडळी. आंटी फळ्याकडे न बघता सरळ कोर्टावर गेल्या, मी मागोमाग. पहिल्या पॉइंटला माझा हात उचलेना. संस्कार म्हणजे काय ते दंडात भरलेले असतात, मनाने ठरवून सुटत नाहीत. मी पुन्हा एक मऊ बॉल दिला. आंटींनी तो हवेतच घेतला आणि सणकन माझ्या पोटावर मारला. चांगला वळ उठला. "सॉरी हं," म्हणाल्या, चेहऱ्यावर सॉरीचा मागमूस नाही.

मग माझं डोकं फिरलं. ठीक आहे म्हटलं, बघाच आता. मी कोपऱ्यात मारला. त्या पोचल्या नाहीत. पुन्हा दुसऱ्या कोपऱ्यात. मी पळवत होते, पंच्याहत्तरीच्या बाईला पळवत होते, आणि त्या कलत, दात चावत, पळत होत्या. टाळ्या थांबल्या. व्हरांड्यातून एका बाईचा आवाज आला, "अगं, जरा बेताने!" कोणीतरी दुसरीकडे तोंड फिरवलं. माझे कान तापले. सगळा क्लब मला काय समजत असेल! पण समोर बघितलं तर आंटींचे डोळे असे काही चमकत होते की मला दुसऱ्या कोणाशी देणंघेणंच उरलं नाही.

चार-शून्य झाले. मग त्यांनी माझा खेळ ओळखायला सुरुवात केली. मी फोरहँडला वळते आहे असं दिसलं की बॉल दुसऱ्याच बाजूला टाकायच्या. मी पुढे धावले की डोक्यावरून लॉब, मी मागे गेले की नेटपाशी अलगद एक ड्रॉप शॉट. गवतावर तो बॉल उठतच नाही, जमिनीला चिकटतो. मी धापा टाकत होते. त्या जागेवर उभ्या राहून मला नाचवत होत्या. एक गेम घेतला. मी चिडून आणखी जोरात मारायला लागले, त्यांनी आणखी एक घेतला. दुसऱ्या वेळी मी जमिनीवर आडवी पडले, अक्षरशः, गुडघे हिरवे. आंटी नेटपलीकडून वाकून बघत म्हणाल्या, "पडायचं मी होतं ना?"

पाच-दोन. शेवटच्या पॉइंटला त्या नेटवर आल्या. मी जीव खाऊन लाइनवर मारला. बॉल त्यांच्या बाजूला पडला. आमच्याकडे पंच नसतो, आपल्या बाजूचा बॉल आत की बाहेर हे आपणच सांगायचं. त्यांनी बाहेर म्हटलं असतं तर कोणी ब्रसुद्धा काढला नसता. त्या वळल्या, लाइनवरचा उडालेला चुना बघितला, आणि व्हरांड्यातल्या प्रत्येकाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "आत!"

सहा-दोन. मी जिंकले. नेटवर त्यांनी माझा हात धरला. त्यांचा तळवा घामाने ओला होता. त्या मोठ्याने हसत होत्या, डोकं मागे टाकून, आणि मी मात्र भोकाड पसरलेलं. "जिंकून रडतात होय?" त्या म्हणाल्या. मग कोर्टाकडे वळून, माझ्याकडे न बघता, हळूच म्हणाल्या, "आईने बघायला हवं होतं हे." मी त्यांना दोन्ही हातांनी घट्ट धरलं.

ऑपरेशन चांगलं झालं. आंटी आता ब्रिस्टलला आहेत, मुलीकडे, काठी घेऊन चालतात, पोहतात म्हणे. भिंतीपलीकडच्या घरात नवी माणसं आली. मला हल्ली शनिवारी कोणी ना कोणी खेळायला घेतं. बरे खेळतात सगळे, बोलतातही चांगले. पण मला त्या समोर हव्या असतात. एक पॉइंट तरी, पोटावर सणसणीत बॉल मारणारं माणूस पाहिजे असतं. गवतावर उभी राहिले की इतकी आठवण येते की सर्व्ह करायचं सुचत नाही. एवढ्या मोठ्या देशात मला एकच माणूस असं भेटलं ज्याने माझ्याकडे माझा सगळा जोर मागितला.

रविवारी फोन करते. खुबा कसा आहे, जावई कसा आहे, पाऊस आहे का, सगळं होतं. मी ठेवते म्हटलं की त्या थांबवतात. प्रत्येक वेळी.

"ते दोन गेम," त्या विचारतात. "तू दिले नव्हतेस ना?"

"नाही आंटी. आईची शपथ. मी जीव तोडून खेळत होते."

"माहितेय मला," त्या म्हणतात. "फक्त ऐकायचं असतं."